ग्रॅहमच्या कोर्टासमोरचा शिपाई

अमेरिकेच्या नॉर्थ कॅरोलायना राज्यात ग्रॅहम नावाचे एक छोटे गाव आहे. अलामान्स कौंटीचे, म्हणजे आपल्या भाषेत जिल्ह्याचे, ते मुख्य ठिकाण. कोर्टाची इमारत गावाच्या अगदी मध्यभागी आहे. रस्ते चारी बाजूंनी येतात आणि कोर्टाला वळसा घालून पुढे जातात. उत्तरेकडच्या दारासमोर उंच दगडी चौथरा आहे आणि त्यावर बंदूक घेतलेला एक शिपाई उभा आहे. मे १९१४ पासून तो तिथे आहे. त्याच्या पाठीमागची इमारत १९२४ ची, म्हणजे शिपाई कोर्टापेक्षाही दहा वर्षांनी मोठा.

२०२४ च्या ऑक्टोबरात आम्ही नवरा-बायको मुलीकडे गेलो होतो. मुलगी आणि जावई रॅलेजवळच्या कॅरी गावात राहतात. तिथून ग्रॅहम मोटारीने तासाभरावर. जावई म्हणाला, "अब्बा, तुम्ही पुतळ्यांवर आणि नावांवर एवढं लिहिता, तर एक पुतळा पाहून या." त्याच्या बोलण्यात थोडा चिमटा होता आणि तो मला कळला.

चिमटा असा की, आमच्या सोलापूरच्या शेजारच्या जिल्ह्याचे नाव बदलले गेले तेव्हा मी सलग तीन लेख लिहिले होते. नाव पुसून इतिहास पुसला जात नाही, जे झाले ते दिसू द्या, असा माझा त्यातला सूर होता. आजही मी त्या मताचा आहे. पण कोर्टाच्या दारातला गुलामगिरीच्या बाजूने लढलेल्या फौजेचा शिपाई पाहताना माझ्या मनात पहिला विचार आला तो हाच, की हा अजून इथे कसा? मग माझ्याच तीन लेखांचे काय करायचे? त्या प्रश्नाने मला पुढचे दोन आठवडे कॅरीच्या सार्वजनिक वाचनालयात बसवले.

आधी युद्धाबद्दल थोडे. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी झाली. दक्षिणेतली अकरा राज्ये फुटून निघाली आणि त्यांनी 'कॉन्फेडरसी' नावाचे वेगळे राष्ट्र जाहीर केले. त्या राष्ट्राचा उपाध्यक्ष अलेक्झांडर स्टीफन्स याने मार्च १८६१ मध्येच भाषणात सांगून टाकले होते की, आमच्या सरकारची कोनशिला म्हणजे काळा माणूस गोऱ्याच्या बरोबरीचा नाही हे सत्य. पुढे हे लोक 'राज्यांच्या हक्कांसाठी' लढले वगैरे मांडणी झाली, ती हरल्यानंतरची. चार वर्षांत सहा लाखांहून अधिक सैनिक मेले. आपल्याकडे या युद्धाची आठवण वेगळ्या कारणाने आहे. अमेरिकेचा कापूस विलायतेला जायचा थांबला, मुंबईच्या बाजारात पैशांचा पाऊस पडला आणि १८६५ मध्ये दक्षिणेने शरणागती पत्करताच भाव कोसळून मुंबईतल्या कंपन्या आणि बँका धडाधड बुडाल्या. कापसाचा हा धागा अलामान्सलाही लागू आहे. एडविन होल्ट या गिरणीमालकाने १८५३ पासून तिथे रंगीत सुताचे चौकडीचे कापड काढले आणि ते 'अलामान्स प्लेड' म्हणून दूरवर विकले गेले. आमच्या घरात तीन पिढ्या मागावर गेल्या, त्यामुळे हे वाचताना उगीचच ओळखीचे वाटले.

चौथऱ्यावरच्या मजकुरात कौंटीच्या सैनिकांच्या शौर्याचे आणि कर्तव्यनिष्ठेचे गुणगान आहे. त्या सैनिकांबद्दल मला राग नाही, हे आधीच सांगतो. फेब्रुवारी १८६१ मध्ये फुटून निघण्याचा विचार करण्यासाठी परिषद बोलवायची का, यावर नॉर्थ कॅरोलायनात मतदान झाले आणि लोकांनी थोडक्या मतांनी का होईना, नकार दिला. नंतर युद्ध पेटले, राज्य मे महिन्यात ओढले गेले. १८६२ मध्ये सक्तीची लष्करभरती आली. त्याच वर्षी वीस किंवा जास्त गुलाम असलेल्या मळ्यांसाठी एका गोऱ्या माणसाला भरतीतून सूट मिळाली. ज्याच्याकडे गुलाम नव्हते असा शेतकऱ्याचा पोरगा मात्र गेला. म्हणजे चौथऱ्यावरचा शिपाई ज्यांच्या नावाने उभा आहे त्यांतल्या कित्येकांना हे युद्ध नकोच असणार. पण हे चौथऱ्यावर लिहिलेले नाही.

आता त्या चौकातली खरी गोष्ट.

युद्धानंतर ग्रॅहममध्ये वायट आउटलॉ नावाचा एक माणूस होता. मिश्र वंशाचा, म्हणजे तिथल्या हिशेबाने काळा. लाकूडकाम करणारा कारागीर. गाड्यांची, सामानाची दुरुस्ती करायचा. १८६८ मध्ये राज्याला नवी घटना मिळाली आणि काळ्या पुरुषांना मताचा अधिकार आला. आउटलॉ गावाचा कमिशनर झाला, म्हणजे आपल्याकडे नगरसेवक म्हणावे तसा, आणि कॉन्स्टेबलही. मुक्त झालेल्या लोकांची आणि त्यांच्या गोऱ्या मित्रांची 'युनियन लीग' नावाची संघटना होती, तिचा तो कौंटीतला पुढारी. चर्चच्या जागेसाठी विश्वस्त म्हणून त्याने खटपट केली. चार वर्षांपूर्वीपर्यंत ज्यांना विकता येत होते त्यांच्यातला एक माणूस रात्री कंदील घेऊन गावात गस्त घालू लागला. गोऱ्यांनाही तो अडवू शकत होता. हे पुष्कळांना सोसले नाही.

२६ फेब्रुवारी १८७० च्या रात्री कु क्लक्स क्लॅनचे घोडेस्वार गावात आले. तोंडे झाकलेली. त्यांनी आउटलॉला त्याच्या घरातून, म्हाताऱ्या आईच्या आणि मुलाच्या देखत ओढून काढले आणि चौकात आणले. कोर्टाच्या दारापासून हाकेच्या अंतरावर एल्मचे झाड होते. त्या झाडाला त्याला फाशी दिली. दोषींनो, काळे असा की गोरे, सावध राहा, अशा अर्थाची चिठ्ठी प्रेतावर अडकवली. विल्यम प्युरियर नावाच्या एका काळ्या माणसाने मारेकऱ्यांपैकी काहींना ओळखल्याचे सांगितले. तो नाहीसा झाला आणि नंतर त्याचे प्रेत एका तळ्यात सापडले.

झुंडबळी हा शब्द आपल्या भाषेत गेल्या दहा-बारा वर्षांत रुळला. तो वाचताना आपल्यापैकी अनेकांच्या डोळ्यांसमोर कोणती नावे येतात, ते मी इथे लिहीत नाही. पण एक लक्षात घेतले पाहिजे. जंगलात किंवा आडरस्त्यावर मारता आले असते, तरी जागा निवडली ती कोर्टासमोरची. सकाळी न्याय मागायला येणाऱ्याला पहिल्यांदा ते दिसावे, हाच त्यातला हेतू.

तीन महिन्यांनी, २१ मे १८७० रोजी, शेजारच्या कॅसवेल कौंटीत तर क्लॅनने कोर्टाच्या इमारतीच्या आतच खून केला. जॉन स्टीफन्स हा गोरा रिपब्लिकन आमदार. राज्याच्या सेनेटचा सदस्य. वर राजकीय सभा चालू असताना खालच्या एका खोलीत त्याला नेऊन मारले. तेव्हा गव्हर्नर विल्यम होल्डन याने दोन्ही कौंट्यांत कर्नल कर्क याच्या हाताखाली पलटण पाठवली आणि शंभरेक जणांना पकडले. पुढे जे झाले ते वाचताना हसावे की रडावे कळत नाही. पकडलेल्यांनी फेडरल न्यायाधीशाकडे धाव घेतली आणि चौदाव्या घटनादुरुस्तीचा आधार मागितला. ही दुरुस्ती मुळात गुलामीतून सुटलेल्यांच्या संरक्षणासाठी दोनच वर्षांपूर्वी आली होती. तिच्या आधाराने क्लॅनचे लोक सुटले. त्याच वर्षीच्या निवडणुकीत विरोधी पक्ष जिंकला, त्याने होल्डनवर महाभियोग चालवला आणि मार्च १८७१ मध्ये त्याला पदावरून काढले. अमेरिकेत महाभियोगाने पद गमावलेला हा पहिला गव्हर्नर. त्याचा मुख्य अपराध काय, तर त्याने क्लॅनविरुद्ध बळ वापरले. राज्याच्या सेनेटने त्याला माफी दिली ती २०११ मध्ये. एकशेचाळीस वर्षांनी.

एका माणसाने मात्र प्रयत्न सोडला नाही. अल्बियन टुर्जे हा ओहायोचा, उत्तरेच्या फौजेत लढलेला, युद्धानंतर इकडे येऊन न्यायाधीश झालेला. त्याने १८७१ च्या अखेरीस त्रेसष्ट जणांवर आरोपपत्रे निघतील असे पाहिले. त्यांतली अठरा आउटलॉच्या खुनाची होती. विधिमंडळाने काय केले? ज्या कायद्यांखाली बहुतेक आरोप ठेवले होते ते कायदेच रद्द केले. १८७३ मध्ये गुप्त संघटनांच्या लोकांना माफी देणारा कायदा आला आणि पुढच्या वर्षी त्याची व्याप्ती वाढवली गेली. आउटलॉच्या खुनासाठी कोणालाही शिक्षा झाली नाही.

१८७३ हे साल मराठी वाचकाला थबकवते. त्याच वर्षी पुण्यात जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' छापले आणि ते अमेरिकेतल्या त्या भल्या लोकांना अर्पण केले, ज्यांनी निग्रो गुलामांच्या मुक्तीसाठी स्वार्थ बाजूला ठेवून त्याग केला. माझ्या शूद्र बांधवांची सुटका करताना माझ्या देशबांधवांनी हा कित्ता गिरवावा, अशी इच्छाही त्यांनी तिथे व्यक्त केली. ही अर्पणपत्रिका मी अनेक भाषणांत अभिमानाने सांगितली आहे. ती लिहिली गेली त्याच वर्षी नॉर्थ कॅरोलायनाचे विधिमंडळ क्लॅनला माफी देत होते, हे मला वयाच्या एकसष्टाव्या वर्षी कॅरीच्या वाचनालयात कळले. जोतीरावांची अर्पणपत्रिका त्यामुळे खोटी ठरत नाही. त्यांनी ज्यांना पुस्तक अर्पण केले ती माणसे होतीच. टुर्जे त्यांच्यातलाच. त्याने पुढे १८९६ मध्ये होमर प्लेसी याच्या बाजूने सर्वोच्च न्यायालयात खटला लढवला आणि तो हरला. 'वेगळे पण समान' या तत्त्वावर तिथे शिक्कामोर्तब झाले आणि ते अर्धशतकाहून अधिक काळ टिकले.

नंतरचा भाग थोडक्यात सांगतो. नोव्हेंबर १८९८ मध्ये याच राज्यातल्या विल्मिंग्टन शहरात सशस्त्र गोऱ्यांनी निवडून आलेली नगरपालिका उलथवली आणि काळ्यांची कत्तल केली. १९०० मध्ये घटनादुरुस्ती करून मतदारांना लिहिण्या-वाचण्याची परीक्षा लावली. ज्याचा बाप किंवा आजा १८६७ पूर्वी मतदार होता त्याला परीक्षा माफ, म्हणजे अडाणी गोरा आत आणि काळा बाहेर. या सगळ्यानंतर, राज्य पक्के हातात आल्यावर, पुतळे उभे राहू लागले. दक्षिणेत कोर्टांसमोरचे बहुसंख्य शिपाई युद्ध संपल्यावर लगेच उभे राहिले नाहीत. ते १९०० नंतरच्या दोन-तीन दशकांतले आहेत. हे काम मुख्यतः 'युनायटेड डॉटर्स ऑफ द कॉन्फेडरसी' या १८९४ मध्ये स्थापन झालेल्या बायकांच्या संघटनेने केले. घरोघर वर्गणी, मेळे, शाळेच्या पोरांचे खाऊचे पैसे, असे सगळे.

पुतळ्यांचाही मोठा बाजार होता. कनेक्टिकटच्या, म्हणजे उत्तरेतल्याच, एका कंपनीच्या सूचीत जस्ताचा तयार शिपाई मिळे. उत्तरेच्या गावाने मागवला तर पट्ट्याच्या बक्कलावर एक अक्षरे, दक्षिणेच्या गावाने मागवला तर दुसरी. चेहरा तोच! आपल्याकडे एकाच साच्यातले पुतळे गावोगाव पाहिलेल्या वाचकांना याचे नवल वाटणार नाही.

ग्रॅहमच्या पुतळ्याचे अनावरण १६ मे १९१४ रोजी झाले. त्या दिवशी बोलणाऱ्यांत जेकब लाँग हा म्हातारा वकील होता. आउटलॉला मारले तेव्हा हाच जेकब लाँग कौंटीतल्या क्लॅनचा म्होरक्या होता. चव्वेचाळीस वर्षांनी तो त्याच चौकात उभा राहून आपल्या वंशातल्या, आपल्या रक्ताच्या थोर माणसांच्या कर्तबगारीबद्दल बोलला. समोरच्या गर्दीत ती रात्र आठवणारी माणसे नक्की असणार. गोरीही, आणि चौकाच्या कडेला कुठे उभी असतील तर काळीही.

हे वाचल्यावर माझ्या तीन लेखांची आणि या पुतळ्याची गाठ मला सोडवता आली. पूर्ण नाही, पण बरीचशी. पुतळा हटवणे म्हणजे इतिहास पुसणे, असे त्याचे समर्थक म्हणतात, आणि वाक्य म्हणून ते माझ्या वाक्यांपेक्षा फार वेगळे नाही. पण या चौकात पुसण्याचे काम १९१४ मध्येच होऊन गेले होते. शिपाई हेच ते खोडरबर. लोक त्याच्या खालून कोर्टात जातात आणि त्यांना १८६१ ते १८६५ आठवते. १८७० आठवत नाही. मी चौकाला दोन फेऱ्या मारल्या. एल्मचे झाड आता नाही, आणि ते कुठे होते हे सांगणारे काही मला दिसले नाही.

सोलापुरात पार्क चौकाजवळ आमच्या चार हुतात्म्यांचे पुतळे आहेत. मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा आणि अब्दुल रसूल कुर्बान हुसेन. इंग्रज सरकारने त्यांच्यावर रीतसर खटला चालवला आणि १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात फासावर चढवले. लहानपणी अब्बा सायकलच्या दांडीवर बसवून तिथून नेताना चौघांची नावे म्हणून घ्यायचे. ज्याला फाशी झाली त्याचाच पुतळा असतो, ही माझी पुतळ्याबद्दलची पहिली समजूत. ग्रॅहममध्ये उभा राहिल्यावर ती अंगावर आली.

आज कायदा काय म्हणतो? जून २०१५ मध्ये चार्ल्सटनच्या चर्चमध्ये एका गोऱ्या तरुणाने नऊ काळ्या माणसांना गोळ्या घातल्या. त्याचे कॉन्फेडरसीच्या झेंड्यासोबतचे फोटो बाहेर आले. साउथ कॅरोलायनाने महिन्याभरात तो झेंडा विधिमंडळाच्या आवारातून उतरवला. त्याच जुलैत नॉर्थ कॅरोलायनाने उलटा कायदा केला. सार्वजनिक जागेतले स्मारक कायमचे हटवता येणार नाही. हलवायचे झाल्यास तेवढ्याच मानाच्या ठिकाणी, आणि तेही मोजक्याच कारणांसाठी. ३१ ऑक्टोबर २०२० रोजी, आगाऊ मतदानाच्या शेवटच्या दिवशी, काळ्या लोकांचा एक मोर्चा या चौकातून मतदान केंद्राकडे निघाला होता. पोलिसांनी त्यावर मिरचीच्या अर्काचा फवारा मारला. मोर्चात मुलेही होती. पुढच्या वर्षी एनएएसीपी या जुन्या नागरी हक्क संघटनेने कौंटीविरुद्ध दावा लावला. ज्या कोर्टाच्या दारात हा पुतळा आहे तिथे काळ्या माणसाला समान न्यायाची खात्री कशी वाटेल, हा त्यातला प्रश्न होता. मार्च २०२४ मध्ये अपील कोर्टाने निकाल दिला की, २०१५ च्या कायद्यामुळे कौंटीला पुतळा हटवण्याचा अधिकारच नाही. कायदेशीर म्हणून हा निकाल चुकीचा आहे असे म्हणण्याइतके माझे ज्ञान नाही. पण १८७० नंतर या चौकाबाबत कायदा कायमच कुणाच्या तरी संरक्षणाला धावून येतो, आणि तो कुणी म्हणजे वायट आउटलॉ कधीच नसतो.

मला विचाराल तर पुतळा तिथून हलवावा. वितळवू नये, एखाद्या संग्रहालयात ठेवावा आणि शेजारी जेकब लाँगचे भाषण लावावे. जावयाला हे पटले नाही. तो म्हणाला, "अब्बा, संग्रहालयात कोण जातं? इथेच राहू दे, समोर आउटलॉचा उभा करा." त्यावर माझ्याकडे चटकन उत्तर नव्हते. आजही नाही. दोघे समोरासमोर उभे केले तर येणाऱ्याला वाटेल की दोन बाजू होत्या, दोघांचेही आपापल्या जागी बरोबर होते. ही भीती मला वाटते, त्याला वाटत नाही. तो तिथे राहतो, मतदान करतो, तेव्हा त्याच्या मताला माझ्यापेक्षा वजन आहे.

परतीच्या वाटेवर डरहम लागते. तिथल्या जुन्या कोर्टासमोरही असाच एक शिपाई १९२४ पासून होता. ऑगस्ट २०१७ मध्ये शार्लट्सव्हिलच्या हिंसाचारानंतर दोन दिवसांनी लोकांनी दोर बांधून तो ओढला. खाली पडल्यावर पत्र्याच्या डब्यासारखा चेपला, आतून पोकळच होता. चौथरा मात्र आणखी तीन वर्षे रिकामा उभा होता, मग तोही काढला. जावयाने रस्त्याकडेला गाडी थांबवली आणि हात करून जागा दाखवली. मी उतरून पाहून आलो. नातू मागच्या सीटवर होता. "नाना, काय होतं तिथे?" म्हणाला. मी म्हणालो, "पुतळा होता." त्याने काचेतून एकदा पाहिले, काहीच दिसले नाही, आणि तो उतरला नाही.